व्हायरल चित्रफितीचे मूळ छापा

महोदय,

व्हायरल चित्रफितीची बातमी देताना शेवटी ‘तिच्या सत्यतेची पुष्टी झालेली नाही’ असे एक वाक्य लिहिले जाते. या वाक्याला माझा आक्षेप आहे. चित्रफितींचे संकलन हा माझा व्यवसाय आहे. काही सेकंद कापले की अर्थ कसा उलटतो, ते मी रोज पाहतो.

कराचीतल्या एका संस्थेने मुलांच्या अपहरणाविषयी जागृतीसाठी छोटी फिल्म केली होती. मोटारसायकलवरचे दोघे रस्त्यावरून मूल उचलतात, पुढच्याच क्षणी परत आणून सोडतात आणि सावधगिरीचा फलक दाखवतात. २०१८मध्ये भारतात ती फिरली, तेव्हा परत आणून सोडण्याचा भाग कापलेला होता. मुले पळवणाऱ्या टोळीच्या अफवांनी तेव्हा जोर धरलाच होता. निरपराध माणसे जमावाच्या हातून मारली गेली. फिल्ममध्ये खोटे काही नव्हते, फक्त शेवट नव्हता.

नोव्हेंबर २०१४ची सीरियन मुलाची चित्रफीत मला अधिक सलते. गोळीबारात पडल्याचे सोंग करून तो मुलगा एका मुलीला वाचवतो. लाखोंनी ती पाहिली. प्रत्यक्षात नॉर्वेचे दिग्दर्शक लार्स क्लेवबर्ग यांनी ती माल्टात बालकलाकारांना घेऊन चित्रित केली होती. चर्चा घडावी हा आपला हेतू होता, असे त्यांनी सांगितले. हे समर्थन मला अजिबात पटत नाही. त्याच काळात सीरियातले लोक जिवावर उदार होऊन खऱ्या अत्याचारांचे चित्रण करत होते. त्यांच्या पुराव्याकडे बोट दाखवून ‘हेही नाटकच’ म्हणायची सोय झाली.

‘मोमो’ म्हणजे एक भेसूर चेहरा दाखवून मुलांना स्वतःला इजा करायला लावते असे सांगितले जाणारे ऑनलाइन आव्हान. त्याचे तर २०१९मध्ये ब्रिटनमध्ये शाळा आणि पोलिसांनीच इशारे दिले. बालकल्याण संस्था सांगत होत्या की इजा झाल्याचा पुरावा नाही. तो चेहरा जपानी कलाकार केइसुके आइसो यांच्या २०१६च्या शिल्पाचा होता, आणि ते शिल्प कुजल्याने त्यांनी आधीच टाकून दिले होते. इशाऱ्याबरोबर तोच भेसूर चेहरा छापायची काय गरज होती?

तेव्हा माझी विनंती अशी: चित्रफीत कुणी, कुठे, केव्हा चित्रित केली आणि ती मुळात किती लांबीची आहे, हे कळेपर्यंत बातमी थांबवावी. एवढे करूनही खोटी निघालीच, तर खुलासा त्याच पानावर, तेवढ्याच मोठ्या मथळ्याखाली द्यावा.

– एक व्हिडिओ संकलक