आईशी मराठीत बोलू न देणं हा कुठला कायदा?

मा. संपादक साहेब,

स.न.वि.वि. मी खानापुरात झेरॉक्स आणि ऑनलाइन फॉर्म भरायचं छोटं दुकान चालवतो. पासपोर्टचे फॉर्म, गल्फला जाणाऱ्या पोरांची कागदपत्रं, सगळं माझ्याच टेबलावरनं जातं, म्हणून हे पत्र लिहायला बसलोय. परदेशात हेरगिरीच्या आरोपात आपला कुणी पकडला की दोन दिवस टीव्हीवर नुसता आरडाओरडा होतो, तो हेर होता की नव्हता यावर भांडण लागतं, आणि पकडलेल्या माणसाला आपल्या देशाच्या वकिलातीच्या अधिकाऱ्याला भेटायचा हक्क असतो, आरोप कसलाही असो, ही साधी गोष्ट कुणी धड सांगतच नाही.

कुलभूषण जाधवांचंच घ्या. पाकिस्तान म्हणतंय आम्ही त्यांना ३ मार्च २०१६ ला बलुचिस्तानात पकडलं, भारत म्हणतोय नौदलातनं रिटायर होऊन इराणमध्ये धंदा करणाऱ्या माणसाला तिथनं पळवून नेलं. खरं काय ते मी इथं बसून सांगू शकत नाही. पण पकडल्याचं भारताला कळवलं ते २५ मार्चला, म्हणजे तीन आठवडे आपल्या सरकारला पत्ताच नाही, आणि पुढं लष्करी कोर्टात खटला चालवून एप्रिल २०१७ मध्ये फाशी सुनावली तोवर आपल्या एकाही अधिकाऱ्याला भेटू दिलेलं नव्हतं. आपला वकील नाही, आपलं माणूस नाही, कबुलीचा व्हिडिओ मात्र जगभर दाखवला. कसल्या दबावाखाली माणूस काय बोलतो हे कोण सांगणार?

आणि ती २५ डिसेंबर २०१७ ची भेट. इस्लामाबादला आई आणि बायको भेटायला गेल्या तेव्हा मधी काच, बोलायचं ते इंटरकॉमवरनं. आत सोडायच्या आधी दोघींचं मंगळसूत्र, बांगड्या, टिकली काढायला लावली, कायम साडी नेसणाऱ्या आईला सलवार-कुर्ता घालायला लावला. तेव्हाच्या परराष्ट्रमंत्री सुषमा स्वराजांनी संसदेत सांगितलं होतं की आईला तशी बघून लेकानं पहिला प्रश्न केला, बाबा कसे आहेत? त्या वेळी आमच्या घरात टीव्हीसमोर माझी आई बसलेली, ती काही बोलली नाही, पदराखाली हात घालून स्वतःचं मंगळसूत्र धरून बसली होती, ते अजून माझ्या डोळ्यासमोर आहे.

पण मला सगळ्यात जास्त लागलं ते वेगळंच. आपल्या परराष्ट्र खात्यानं दुसऱ्या दिवशी सांगितलं की आईला लेकाशी मराठीत बोलू दिलं नाही, मराठीत बोलायला लागली की मधीच अडवायचे. दीड वर्षाच्या वर तोंड बघितलेलं नाही, लेकाला फाशी झालेली, आणि ज्या भाषेत त्याला बोलायला शिकवलं त्याच भाषेत त्याला विचारायचं नाही. आम्हा सीमाभागातल्या लोकांना हे समजावून सांगायला नको. आमच्या आजीला पेन्शनच्या कामासाठी एका सरकारी खिडकीवरनं तीनदा परत पाठवलेलं, का तर तिला मराठीशिवाय बोलता येत नव्हतं, तिसऱ्यांदा ती परत आली तेव्हा कागद घट्ट मुठीत धरून पायरीवर बसून राहिली होती. त्याची आणि फाशीच्या कोठडीची बरोबरी मी करत नाही, मुळीच नाही, पण तोंड उघडायच्या आधी माणसाची जीभ काढून घेतली की कसं होतं ते आम्ही घरात बघितलंय.

आता कायद्याचं. वकिलातींच्या कामाबद्दलचा १९६३ चा व्हिएन्ना करार आहे, त्याचं ३६ वं कलम. परदेशी माणसाला अटक केली की तुला हा हक्क आहे हे त्याला सांगायला पाहिजे, त्यानं मागितलं की वकिलातीला उशीर न लावता कळवायला पाहिजे, आणि अधिकाऱ्याला भेटू, बोलू, वकील लावून देऊ दिलं पाहिजे. पाकिस्तानचं म्हणणं होतं हेरगिरीला हे लागू नाही. हेगच्या आंतरराष्ट्रीय कोर्टानं १७ जुलै २०१९ ला १५ विरुद्ध १ मतांनी ते फेटाळलं, आणि करारात हेरगिरीचा अपवाद कुठं लिहिलेलाच नाही असं स्पष्ट केलं. भारताकडनं हरीश साळव्यांनी तो खटला १ रुपया फी घेऊन लढवला. त्या रात्री आमच्या व्हॉट्सअॅप ग्रुपवर जाधव सुटले, जिंकलो म्हणून फटाक्यांचे मेसेज फिरत होते. सुटले नव्हते. कोर्टानं शिक्षा रद्द केलीच नाही, निकालाचा नीट फेरविचार करा आणि तोवर फाशी देऊ नका एवढंच सांगितलं. वकिलातीची पहिली भेट झाली २ सप्टेंबर २०१९ ला, म्हणजे पकडल्याला साडेतीन वर्षं होत आल्यावर.

देशादेशांत बिनसलं की मधी साधा माणूस कसा सापडतो ते चीन-कॅनडाच्या प्रकरणात सगळ्यांनी बघितलं. १ डिसेंबर २०१८ ला कॅनडात चीनच्या ह्वावे कंपनीच्या बड्या अधिकारी मेंग वानझोऊंना अटक झाली आणि १० डिसेंबरला चीननं दोन कॅनेडियन माणसं उचलली, पुढं आरोप हेरगिरीचा. २४ सप्टेंबर २०२१ ला मेंग सुटल्या आणि त्याच दिवशी ते दोघंही सुटले. हजार दिवसांवर दोन माणसं आत होती, आणि सुटायचा दिवस कशावर ठरला ते तारखाच सांगतात.

कतारचं तर आमच्या अगदी दारात आलं. नौदलातनं रिटायर झालेल्या आठ जणांना ऑगस्ट २०२२ मध्ये पकडलं, २६ ऑक्टोबर २०२३ ला फाशी सुनावली, आणि आरोप नेमका काय ते ना कतारनं जाहीर केलं ना आपल्या सरकारनं. डिसेंबरात फाशी रद्द होऊन कैद झाली, फेब्रुवारी २०२४ मध्ये सुटका झाली, सात जण लगेच घरी आले. पण त्या ऑक्टोबरात एक मावशी दुकानात आल्या, हातात प्लॅस्टिकची पिशवी, त्यात लेकाच्या पासपोर्टची झेरॉक्स, पोरगा दोह्यात एसी दुरुस्तीच्या कामाला. म्हणाल्या, "बाळा, टीव्हीवर कतार कतार म्हणायलेत, आमचा पोरगा बी तिथंच हाय की, त्याला काय झालं तर मी कुणाला फोन लावू?" मी गप्प झालो. शेकडो पासपोर्टचे फॉर्म भरलेत मी, पण हे मला कुणी विचारलं नव्हतं आणि मीही कुणाला सांगितलं नव्हतं.

त्या दिवशी त्यांना दोह्याच्या आपल्या वकिलातीचा नंबर मोठ्या अक्षरात लिहून दिला, परराष्ट्र खात्याच्या मदद पोर्टलवर तक्रार कशी टाकायची ते दाखवलं. पासपोर्टमध्येच छापलेलं असतं की परदेशात राहणाऱ्या भारतीयांनी जवळच्या वकिलातीत नाव नोंदवावं, पण ते इंग्रजी-हिंदीत बारीक अक्षरात, कोण वाचतंय? आता प्रत्येक पोराला मी सांगतो की नाव नोंदव, बंदराचे, लष्करी ठाण्याचे फोटो काढू नको, आणि पकडलंच तर आधी वकिलात माग, भाषा समजत नसेल तर कागदावर सही करू नको.

आणि हे दोन्ही बाजूंनी पाहिजे. आपल्याकडं कुणी परदेशी पकडला की आम्ही लगेच हेर म्हणून मोकळे होतो, पेपरवालेही "पाकिस्तानी हेर जेरबंद" असं ठोकून देतात, अजून आरोपपत्रही नसतं. तुम्ही तरी "हेरगिरीचा संशय" असं लिहा ही हात जोडून विनंती. त्यालाही आई असेल, आणि त्याला त्याच्या वकिलातीला भेटू दिलं तर उद्या आपल्या पोरासाठी आपण ताठ मानेनं मागू शकतो.

अजून एक. २००८ च्या करारानं भारत आणि पाकिस्तान दर वर्षी १ जानेवारी आणि १ जुलैला एकमेकांच्या तुरुंगातल्या कैद्यांच्या याद्या देतात, त्यात पालघर, गुजरातकडचे कोळीही असतात, मासे पकडता पकडता हद्द ओलांडली म्हणून आत गेलेले. ही बातमी आतल्या पानावर चार ओळींत येते. पुढच्या १ जुलैला ती पहिल्या पानावर घ्या साहेब, आणि शेजारी चौकट करून ३६ वं कलम सोप्या मराठीत छापा. त्या चौकटीच्या झेरॉक्स मी माझ्या पैशानं काढतो आणि दुकानात येणाऱ्या प्रत्येक पासपोर्टच्या फॉर्मला जोडून देतो, पहिली त्या मावशींना नेऊन देणार आहे.

आपला,
एक वाचक, खानापूर, जि. बेळगाव