‘म. को.’ तसंच राहू द्या म्हणणाऱ्या गुरुजींना

आदरणीय गुरुजी,
सा. न. वि. वि.

जुन्नर, आंबेगाव, खेडची पुण्यात शिकणारी मुलं जमात वैधतेची, म्हणजे अनुसूचित जमातीचा दाखला खरा ठरवून घेण्याची फाईल जमात पडताळणी समितीकडे, क्वीन्स गार्डनला नेण्याआधी तुम्हाला दाखवून घेतात. तुम्ही फी घेत नाही, चहासुद्धा नाही. निदान आभार तरी घ्या. पत्र उघड लिहितोय, कारण तुम्ही तोंडी सांगता ते फाईल लावणाऱ्या प्रत्येकाच्या कामाचं आहे.

प्रांतांनी (उपविभागीय अधिकाऱ्यांनी) दिलेला जमातीचा दाखला तुम्ही आधी बाजूला ठेवता. दाखला म्हणजे नुसता दावा. तो सिद्ध करायचं ओझं जात पडताळणी कायद्याच्या कलम ८ नुसार अर्जदारावर. मग तुमचा ठरलेला प्रश्न येतो: ६ सप्टेंबर १९५० ला, म्हणजे अनुसूचित जमातींची यादी निघाली त्या दिवशी, घरचे कुठे राहत होते? आज घर भोसरीत असलं आणि त्या तारखेला कुटुंब आंबेगाव तालुक्यात असलं, तर दाखला तिकडच्या प्रांतांचाच हवा. पुण्यातून काढलेला चालत नाही, आणि हे कळेपर्यंत मूल बारावीला पोचलेलं असतं.

खरा वेळ तुम्ही शाळेच्या जनरल रजिस्टरच्या उताऱ्यावर घालवता. शाळा सोडल्याचा दाखला कितीही नवा काढता येतो, रजिस्टर एकच असतं. नोंद क्रमांक, प्रवेशाची तारीख, जातीचा रकाना, आणि वरच्या-खालच्या नोंदींची शाई तीच आहे का, हे तुम्ही बोट ठेवून बघायला लावता. जुन्या रजिस्टरात जागा वाचवायला नुसतं ‘म. को.’ लिहिलेलं असतं. मुख्याध्यापक भलेपणाने उताऱ्यात ‘महादेव कोळी’ लिहून देतात आणि घोळ तिथेच होतो. समितीचं चौकशी करणारं दक्षता पथक शाळेत जाऊन मूळ रजिस्टर उघडतं. उतारा आणि नोंद जुळली नाही की चांगल्या दाव्यावरही संशयाचा शेरा बसतो. त्यात ‘म.’ म्हणजे मल्हारही होऊ शकतो; जमातींच्या अनुसूचीत कोळी मल्हार आणि कोळी महादेव या दोन वेगळ्या नोंदी आहेत. म्हणून तुमचा हट्ट: जसं आहे तसं उतरवा, अर्थ दुसऱ्या कागदाने लावा. नुसतं ‘हिंदू कोळी’ लिहिलेलं असेल तर तो कागदही लपवायचा नाही, कारण पथकाला तो सापडतोच. त्याच्याआधीची, स्पष्ट नोंद शोधायची. आमच्या मते कागद नसल्यामुळे जितक्या फायली अडतात, त्याहून जास्त कागद ‘सुधारल्यामुळे’ अडतात.

आधीची नोंद म्हणजे बहुधा तहसीलच्या अभिलेख कक्षातलं कोतवाल बुक, म्हणजे गाव नमुना १४. ते मोडी लिपीत असलं की तुम्ही वाचून सांगता, पण फाईलला मात्र अधिकृत मोडी वाचकाचंच लिप्यंतर लावायला सांगता. त्यात आडनाव नसतं, ‘गोमा बिन धोंडू’, म्हणजे धोंडूचा मुलगा गोमा, एवढंच. हा गोमा आपलाच पणजोबा, हे वंशावळीचं शपथपत्र एकट्याने पटवू शकत नाही. सोबत वारस नोंदीचा फेरफार लागतो, आणि प्रत्येक पिढीच्या जोडावर एक तरी कागद. लग्न झालेल्या मुलीचे पुरावे माहेरचे, वडिलांकडचे. सासरचे कितीही भक्कम असले तरी उपयोग नाही.

चुलत्याची वैधता आहे म्हणून निर्धास्त होणाऱ्यांना तुम्ही थांबवता तेही बरंच. वडिलांकडच्या रक्ताच्या नात्यातली वैधता मोठा आधार असते, पण ती रीतसर चौकशीनंतर मिळाली होती का, हे समिती बघू शकते. नातंही सिद्ध करावं लागतंच.

कुळ, देव, लग्नाची रीत, मर्तिकाचे विधी यांवरच्या प्रश्नांना मुलं फार घाबरतात. पुण्यात वाढलेल्या मुलीला कुळदैवताचं सगळं कसं ठाऊक असणार? सर्वोच्च न्यायालयाने २०११ मध्ये आनंद प्रकरणात आणि पुन्हा मार्च २०२३ मध्ये ठाकूर जमातीच्या प्रकरणात सांगितलंय की ही आप्तभाव चाचणी म्हणजे शेवटची कसोटी नव्हे, आणि स्वातंत्र्यापूर्वीच्या कागदांचं वजन जास्त. तुम्ही हे सांगता, पण पाठ केलेली उत्तरं द्यायला बंदी करता. माहीत नसेल तर ‘माहीत नाही’ म्हणायचं. पथकाच्या अहवालाची प्रत आली की मुद्देसूद लेखी खुलासा मुदतीत द्यायचा, पोच घ्यायची. दावा फेटाळला तर समितीवर अपील नाही, थेट उच्च न्यायालय. तिथे हीच फाईल वाचली जाणार.

एक विनंती. तुमच्या वहीतली कागदांची यादी आम्ही टाईप करून घेतली आहे. सवडीने तपासून द्या, म्हणजे अकरावीचे प्रवेश झाले की लगेच वसतिगृहांत वाटता येईल. प्रवेश परीक्षेच्या निकालानंतर धावणाऱ्यांची गर्दी तुमच्याही दारात नको.

आपले,
वैधतेच्या फायली लावणारे पुण्यातले कार्यकर्ते