डेंग्यूची लस ‘रखडली’ म्हणण्याआधी

मा. संपादक,
स. न. वि. वि.

‘कोविडची लस वर्षभरात आली, मग डेंग्यूची का रखडली?’ हे पत्र आपल्या अंकात वाचलं. पत्रलेखकाचा संताप समजतो. पावसाळा आला की आपल्या नाशिकच्या सिडको, सातपूर, इंदिरानगरात गल्लोगल्ली तापाचे रुग्ण असतात. पण संशोधक हातावर हात धरून बसलेत, हा आरोप पटला नाही.

डेंग्यूच्या विषाणूचे चार प्रकार आहेत. एकाचा ताप येऊन गेल्यावर दुसऱ्या प्रकाराने गाठलं, तर आजार उलट जास्त बळावू शकतो. चारही प्रकारांपासून सारखं संरक्षण न देणाऱ्या अर्धवट लसीतही हाच धोका. फिलिपिन्समध्ये २०१६ पासून आठ लाखांहून अधिक मुलांना रीतसर मंजुरी मिळालेली लस टोचली. ज्यांना आधी डेंग्यू झालाच नव्हता, त्यांना लसीनंतर तो झाल्यास तीव्र होण्याचा धोका वाढतो, हे २०१७ च्या अखेरीस जाहीर झालं. मोहीम थांबली आणि लोक गोवराच्या लसीलाही बिचकू लागले. द्राक्षबागेत वापरलेल्या औषधाच्या अंशावरून २०१० मध्ये युरोपने आपली द्राक्षं नाकारली, तेव्हा तपासणीतली ढिलाई किती महागात पडते हे नाशिककरांनी पाहिलंच आहे. इथे तर धडधाकट लेकरांच्या दंडात सुई टोचायची आहे!

मी पॅथॉलॉजी लॅबमध्ये काम करते. रिपोर्ट हातात पडला की नातेवाईक आधी प्लेटलेटचा आकडा बघतात, मग हमखास विचारतात, “ताई, याची लस कधी येणार हो?” आमच्या एनएस-१ चाचणीत डेंग्यू आहे की नाही एवढंच कळतं, चारपैकी कोणता, ते नाही. लसीच्या चाचणीत प्रत्येक प्रकाराचा हिशेब वेगळा ठेवावा लागतो. हजारो लोकांना मुद्दाम डास चावायला लावून आजारी पाडता येत नाही, त्यामुळे साथीची वाट बघणं आलं. ब्राझीलमध्ये २०१६ मध्ये सुरू झालेल्या चाचणीत सोळा हजारांहून अधिक लोक होते. पण पहिल्या दोन वर्षांच्या पाहणीत तिसऱ्या आणि चौथ्या प्रकाराचे रुग्ण सापडलेच नाहीत. मग त्यांच्यावर लस किती चालते, हे सांगणार कसं?

कोविडच्या वेळी रुग्ण घरोघरी होते, पैसा आधीच ओतलेला होता, चाचण्यांचे टप्पे एकावर एक चालवले गेले आणि २००३ च्या सार्सपासूनचं संशोधन हाताशी होतं.

आपल्याकडे आयसीएमआर (केंद्राची वैद्यकीय संशोधन परिषद) आणि पॅनेशिया बायोटेक कंपनीच्या एका डोसच्या लसीची तिसऱ्या टप्प्याची चाचणी ऑगस्ट २०२४ मध्ये रोहतकला सुरू झाली. दहा हजारांहून अधिक प्रौढ स्वयंसेवक आणि प्रत्येकावर दोन वर्षं लक्ष, असा तिचा आराखडा आहे. तोवर ‘लस दृष्टिपथात’ असले मथळे कृपया देऊ नका, त्याची उत्तरं आम्हाला काउंटरवर द्यावी लागतात. निकाल लागेल तेव्हा मात्र, लस नापास झाली तरी, ती बातमी पहिल्या पानावर छापा.

– एक वाचक, इंदिरानगर, नाशिक