चि. मुक्तास, बर्लिनच्या पत्त्यावर

चि. मुक्तास अनेक आशीर्वाद.

बोलेक्स, तो चावीचा १६ मिमी फिल्म कॅमेरा, मिळाला, हे वाचून आनंद झाला. शहरातल्या उदास गर्दीवरच्या फिल्मचं शूटिंग एकटीच करणार, हे वाचून झाला नाही. बाबा म्हणाले, उपदेश करू नकोस. नाही करत, यंत्राचं तेवढं लिहिते.

१०० फुटी रोलमध्ये ४००० फ्रेम. सेकंदाला २४ फ्रेमच्या वेगाने पावणेतीन मिनिटं, १६ने चार मिनिटं दहा सेकंद. १६ने प्रकाश दीडपट, म्हणजे साधारण अर्धा स्टॉप जास्त पडतो, त्या हिशेबाने अ‍ॅपर्चर, म्हणजे भिंगाचं छिद्र, बारीक कर. दाखवतानाही १६च ठेव. २४ने चालवलंस तर माणसं तुरुतुरु पळतील आणि तुझ्या उदास गर्दीला लोक हसतील. दर रोलनंतर गेट, म्हणजे फिल्मसमोरची चौकट, बघ, एखादा केस अडकला तर सगळ्या शॉटभर नाचतो. थंडीतून आल्यावर कॅमेऱ्याची पिशवी लगेच उघडू नकोस, आत दव धरतं. तासभर थांब. कानटोपी घालतेस ना?

तू स्वतःही चौकटीतून चालणार म्हणतेस. मग आयपीसची, डोळा लावायच्या भिंगाची, झडप बंद हवी, नाहीतर मागून प्रकाश शिरून फिल्म धुरकटते. बाजूची कळ पुढे सारून कॅमेरा चालू सोडायचा. पूर्ण चावी १६ला चाळीसेक सेकंद पुरते. तेवढ्या वेळात तू रस्त्यापलीकडे, आणि तिपाईजवळ कोण?

रुटमनच्या १९२७च्या ‘बर्लिन’ चित्रपटात कुणी कुणाचं नाही म्हणतेस, खरंय. पण त्याच्यापाशी तीन कॅमेरामन होते. (त्यातली पुलावरून उडी मारणारी बाई रचलेली आहे. तो तुकडा मला कधीच पटला नाही. तू तसलं काही घेऊ नकोस.) व्हेर्तोवच्या १९२९च्या चित्रपटात कॅमेरामन मिखाईल तिपाई खांद्यावर टाकून शहरभर एकटा हिंडतो. पण त्याला एकटा दाखवायला दुसरा कॅमेरा लागलाच ना? मिखाईल व्हेर्तोवचा सख्खा भाऊ, आणि संकलनाच्या टेबलावर बायको, स्विलोवा. घरचाच कारखाना!

झालंच शेवटी भाषण. रागावू नकोस. गिरगावच्या गॅलरीत मुठीची दुर्बीण करून तासन्‌तास रस्ता बघायचीस, जेवायची हाक ऐकू यायची नाही. तुझी नजर चांगलीच आहे, मी काकूला फोनवर तेच सांगत होते. ती विचारत होती, सोबत कोण आहे म्हणून. मी नाही विचारलं.

मेतकूट आणि भाजणी सोमवारी पाठवते. दोघींना पुरेल इतकं आहे.

तुझी,
आई