टॉड डंकन यांचे नाव राहून गेले

संपादक महोदय,

आपल्या पुरवणीत ‘अनचेन्ड मेलडी’ या गाण्यावरचा लेख वाचला. १९९० च्या ‘घोस्ट’ चित्रपटामुळे ते नव्या पिढीपर्यंत पोहोचले, हे खरेच. पण पडद्यावर ते पहिल्यांदा गायले कृष्णवर्णीय अमेरिकन गायक टॉड डंकन यांनी, १९५५ च्या ‘अनचेन्ड’ चित्रपटात, कैद्याच्या भूमिकेत. लेखात त्यांचे नावही नाही, याचे फार वाईट वाटले.

मी आयुष्यभर गाणे शिकवले. डंकन यांची एक हकीकत माझ्या प्रत्येक विद्यार्थ्याला ठाऊक आहे. ते वॉशिंग्टनच्या हॉवर्ड विद्यापीठात संगीत शिकवत. संगीतकार जॉर्ज गर्श्विन ‘पोर्गी अँड बेस’ या आपल्या ऑपेरासाठी, म्हणजे गाण्यांतून उलगडणाऱ्या नाटकासाठी, नायक पोर्गी शोधत होते. डंकन त्यांच्यापुढे गायले ते जुने इटालियन गीत. थोडेसे ऐकताच गर्श्विननी थांबवले, त्यांना पियानोच्या वळणापाशी अगदी समोर उभे केले आणि पुन्हा गायला लावले. या खेपेला साथ करताना गर्श्विन स्वरलिपीच्या कागदाकडे बघत नव्हते. पोर्गी होणार का, असे तिथेच विचारले. त्यावर डंकन म्हणाले, आधी तुमचे संगीत ऐकू द्या.

पोर्गी पायांनी अधू, म्हणून ही भूमिका डंकन गुडघ्यांवर राहून करत. गुडघे टेकून छातीभर श्वास घ्यायचा आणि भरदार बॅरिटोन, म्हणजे मध्यम खर्जाचा पुरुषी आवाज, मागच्या रांगेपर्यंत पोहोचवायचा! १९३५ पासून त्यांनी ही भूमिका १८०० हून अधिक वेळा केली.

पण मला त्यांचे मोठेपण दिसते ते १९३६ मध्ये. प्रयोग वॉशिंग्टनच्या नॅशनल थिएटरमध्ये लागला होता. तिथे कृष्णवर्णीयांना प्रेक्षक म्हणून प्रवेश नव्हता. म्हणजे डंकन रंगमंचावर गाणार आणि त्यांचे विद्यार्थी, शेजारीपाजारी बाहेर! डंकन आणि बेसची भूमिका करणाऱ्या अ‍ॅन ब्राउन यांनी गायला साफ नकार दिला. कृष्णवर्णीयांसाठी दुपारचे प्रयोग देऊ, वरची बाल्कनी देऊ, असे प्रस्ताव आले. दोघे बधले नाहीत. अखेर सगळ्यांना हव्या त्या जागेचे तिकीट मिळाले आणि त्या नाट्यगृहात गोरे-काळे प्रथमच शेजारी बसले. मुक्काम हलल्यावर थिएटरने जुनाच नियम पुन्हा लावला, ही गोष्ट आजही मनाला लागते.

१९४५ मध्ये न्यूयॉर्क सिटी ऑपेरा या कंपनीच्या ‘पाल्याच्ची’ या इटालियन ऑपेरात त्यांनी तोनिओची भूमिका केली. बाकी सगळा संच गोऱ्या गायकांचा. अमेरिकेतल्या मोठ्या ऑपेरा कंपनीत असे गाणारे ते पहिले कृष्णवर्णीय. पुढे म्हातारपणीही त्यांनी वॉशिंग्टनमध्ये गाणे शिकवणे सोडले नाही. १९९८ मध्ये, ९५ व्या वर्षी ते गेले.

या गाण्याबद्दल पुन्हा काही छापाल, तेव्हा ‘मूळ गायक : टॉड डंकन’ एवढी ओळ जरूर द्यावी, ही विनंती.

आपली,
एक निवृत्त गायन शिक्षिका