आगीतली सुटका दोनदा

महोदय,

रविवारच्या पुरवणीतला मूकपटांवरचा लेख आवडला. पण 'आरंभीच्या मंडळींना गोष्ट सांगता येत नव्हती, कॅमेरा मांडायचा आणि समोर घडेल ते टिपायचे' हे विधान खटकले.

1895 सालचा फ्रान्सच्या ल्युमिए बंधूंचा माळ्याचा चित्रपट मिनिटभराचाही नाही. पोरगा नळीवर पाय देतो, पाणी थांबते, माळी तोटीत डोकावतो, पोरगा पाय उचलतो. पुढची गंमत अशी की, पळालेल्या पोराला माळी कॅमेऱ्यापुढे ओढून आणतो आणि मगच बडवतो. प्रेक्षक कुठून पाहतोय याचे भान एवढे पक्के!

अमेरिकी दिग्दर्शक एडविन पोर्टर यांच्या 1903 च्या अग्निशामक जवानावरील चित्रपटात सुटकेचा प्रसंग दोनदा येतो. ही 'संकलनातली चूक', असे लेखात म्हटले आहे. मला तसे वाटत नाही. आधी तो सबंध प्रसंग खोलीच्या आतून दिसतो: जवान बेशुद्ध बाईला खिडकीतून खाली नेतो आणि लगेच परत येऊन मुलाला उचलतो. तो परत का आला, हे इथे कळत नाही. मग तेच सारे रस्त्यावरून दिसते. शुद्धीवर आलेली आई त्याची विनवणी करते आणि तो पुन्हा शिडी चढतो. उलगडा होतो तो दुसऱ्या खेपेला. कीर्तनात एकच प्रसंग आधी एकाच्या आणि मग दुसऱ्याच्या तोंडून ऐकताना आपण बुवांना घड्याळ दाखवत नाही.

बरे, हा पोर्टर यांचा एकट्याचा विक्षिप्तपणाही नव्हता. फ्रेंच दिग्दर्शक मेलिएस यांनी 1902 च्या चित्रपटात चंद्रावर यान असेच दोनदा उतरवले: आधी चंद्राच्या डोळ्यात, मग जमिनीवर.

पोर्टर यांच्या चित्रपटाची आतली-बाहेरची दृश्ये आलटून पालटून जोडलेली एक प्रतही आहे. बरीच वर्षे तीच मूळ समजली गेली आणि अशा जोडणीचे श्रेय पोर्टर यांना मिळाले. पण त्या काळी स्वामित्वहक्कासाठी चित्रपट कागदी छायाचित्रांच्या गुंडाळ्यांवर दाखल करत. अमेरिकेच्या लायब्ररी ऑफ काँग्रेसमधील तशी प्रत पाहिल्यावर मूळ क्रम उघड झाला. आलटून पालटून जोडणी मागाहून कुणीतरी केली होती.

म्हणून लेखात प्रतीचा उल्लेख हवा होता. उत्सुकतेने चित्रपट शोधणाऱ्या वाचकाच्या हाती ती जोडलेली प्रत लागली, तर 'दोनदा कुठे आहे?' म्हणून तो लेखकालाच खोटा ठरवेल.

— एक वाचक, मिरज