सामरीला नाव आहे

महोदय,

रामसे बंधूंच्या भयपटांवर लिहिताना 'पुराना मंदिर'मधल्या 'सामरी' या सैतानाचा उल्लेख होतो, तो साकारणारे अनिरुद्ध अगरवाल मात्र सुटतात. रुरकीत शिकलेला हा धिप्पाड अभियंता 'पुराना मंदिर' (१९८४) आणि 'बंद दरवाजा'चा (१९९०) खरा कणा. चाल, खांदे, रोखलेली नजर. भीती एवढ्यावर उभी केली.

मराठवाड्यातल्या तंबू टॉकीजच्या प्रेक्षकाला तेव्हा नाव कळणार कसे? श्रेयनामावली पहिल्या रिळाच्या तोंडाशी. प्रोजेक्टरमध्ये ओवताना तोच भाग आधी फाटायचा, ऑपरेटर कापून जोडायचा, नावे जायची. त्यात अगरवालांचे नाव कुठे 'अनिरुद्ध', कुठे 'अजय'! 'बँडिट क्वीन'मधला (१९९४) डाकू बाबू गुज्जरही त्यांनीच साकारलेला.

इथल्या फिल्म सोसायट्यांनी हे तिन्ही चित्रपट एकत्र दाखवावेत, आणि पत्रिकेवर त्यांचे नाव ठळक छापावे.

– एक वाचक, परभणी